छातीवरचा वानेरा

“काळा आहे का?” कनिकानं विचारलं आणि वहीवर पेन टेकवलं.

खुर्चीत पोक काढून बसलेल्या कल्याणनं मान वर केली. गेल्या चार महिन्यांत त्याला तीन डॉक्टरांनी तपासलं होतं, पण इतका अपमान कुणी केला नव्हता.

“काळा कशानं असंल? म्या काय म्हैस सांगून राह्यलो का, मॅडम?”

“मग कसा आहे?”

“बैलासारखा बैल हाय.”

“पाय लांब करून बसलाय?”

“पाय लांब करायला ते काय कुत्रं हाय?”

कनिकानं वहीत ‘कुत्रं नाही’ असं लिहिलं. ती नव्या जालन्यातल्या कापडवाल्याची मुलगी. मानसशास्त्र शिकायला पुण्याला गेली आणि परत येऊन एका धर्मादाय संस्थेतर्फे दर गुरुवारी आष्टीला येऊ लागली. मनाच्या दुखण्यांबद्दल तिला पुष्कळ माहीत होतं. बैलाबद्दल तिनं वडिलांना विचारलं, तेव्हा त्यांनी कापड मोजता मोजता सांगितलं होतं, “पुढून शिंगं, मागून शेपूट. मधल्या भागाशी आपला संबंध नाही.”

पण तिला त्या मधल्या भागातच शिरायचं होतं. कल्याणची ही तिसरी खेप. पहिल्या गुरुवारी तो पाऊण तास छताकडे बघत बसला होता. दुसऱ्या गुरुवारी उठता उठता एकच वाक्य बोलला, “छातीवर बैल बसलाय, मॅडम.” आणि टोपी घालून चालता झाला. समोरच्या माणसानं एखादं चित्र तुमच्या हातात ठेवलं तर ते खाली टाकायचं नाही, त्याच्या जागी आपलं चित्र द्यायचं नाही, सरळ त्याच्याच चित्रात पाय घालायचा, असं तिला शिकवलेलं होतं. आठवडाभर ती त्या बैलाभोवती फिरत होती. आज तिनं पाय घातला होता आणि बैलानं शिंगं हलवली होती.

“काका, मला खरंच कळत नाही बैलातलं. तुम्ही नाही सांगितलं तर मला कसा दिसणार तो?”

कल्याणनं सुस्कारा सोडला. अडाणी गिऱ्हाईक पुढ्यात आलं की हेड्याला गप्प बसवत नाही, आणि कल्याण तर तीस वर्षं बैलांचा हेडी. बैल घ्यायचा, दाखवायचा, विकायचा. आष्टीच्या बाजारात लिंबाखाली उभं राहून तो आरोळी द्यायचा, तेव्हा परतूरच्या स्टेशनात गार्ड हिरवी झेंडी खाली घेतो, असं लोक सांगत. त्यातलं अर्धं सोडून दिलं तरी आवाज मोठाच होता. आणि आवाजापेक्षा मोठी होती त्याची रीत. इतर हेडी बैलाचे गुण ओरडत, हा आधी खोड ओरडायचा. “डाव्या अंगाला लाथ मारतो हो! पाणी बघून बुजतो हो!” मग मोल. म्हणून कल्याणचा बैल लोक डोळे झाकून घ्यायचे.

तो कल्याण ज्येष्ठ महिन्यापासून बाजारात गेला नव्हता. चार पावलं चालला की दम लागायचा. बोलायला गेला की छाती दाबली जायची आणि आवाजच फुटायचा नाही. जालन्यात ईसीजीच्या पट्ट्या तीनदा निघाल्या, तिन्ही बिनदोष. “आवाज गेला तर ह्यांचं काय राह्यलं?” असं म्हणत बायको प्रभावतीनं त्याला इथं ओढून आणलं होतं.

इथं म्हणजे भंवरलाल शेठच्या बी-बियाण्याच्या दुकानामागं, गोदामात. शेठनं संस्थेला जागा फुकट दिली होती. मधे भिंत नव्हती, सरकी पेंडीच्या पोत्यांची डोक्याएवढी उंच थप्पी होती. “इकडचं तिकडं ऐकू जाता कामा नये,” अशी कनिकाची अट होती. शेठनं एक जुना लोखंडी कूलर आणून लावला. तो सुरू झाला की गोदामात रेल्वे शिरल्यासारखं वाटायचं. “आता इकडं विमान उतरवा, बेटी,” शेठ म्हणाले होते.

“पांढरा हाय,” कल्याण म्हणाला. “देवणी. तोंडाच्या दोन्ही अंगाला काळा. त्याला वानेरा म्हनत्यात. वांदराच्या तोंडावानी.”

“आणि बसलाय कसा?”

“आवो, कसा म्हंजे? बैल बसतो तसा.”

“म्हणजे आधी मागचे पाय?”

हे मात्र अती झालं. कल्याण उठला. टोपी खुर्चीवर ठेवली, पायजमा गुडघ्यापाशी सैल केला आणि गोदामाच्या फरशीवर चार पायांचा झाला.

“मागचे पाय घोडं टेकीत असंल तर ठाऊक न्हाई. हे बगा. आधी पुढचे गुडघे. असे. मंग जरा इचार करतो. मंग मागचं धूड सोडून देतो. आसं!”

चोपन्न वर्षांचा माणूस धप्पकन बसला. कनिका केव्हा खुर्चीतून उतरली आणि त्याच्यासमोर गुडघ्यावर आली हे तिचं तिलाच कळलं नाही. आणि नेमकी त्याच वेळी वीज गेली, हेही कळलं नाही. कूलरचं पातं घरघरत दोन फेरे फिरलं आणि थांबलं.

पलीकडे दुकानात ते सगळ्यांना कळलं. हरभऱ्याचं बियाणं न्यायला आलेले सातआठ जण होते. गावात पुढं हा आकडा साठपर्यंत गेला, पण त्या दिवशी सातआठच. गल्ल्यावर शेठ. त्यांच्या शेजारी पिशवी खांद्याला अडकवून उभी असलेली प्रभावती. आणि दारापाशी स्टुलावर, उजवा पाय सरळ ठेवून बसलेला मुबारक. तो कल्याणसोबत प्रत्येक खेपेला यायचा. त्याचा गुडघा आषाढात मोडला होता.

“तोंड कुठे आहे त्याचं?” पोत्यांपलीकडून कनिकाचा आवाज स्वच्छ आला. दुकानातलं बोलणं बंद पडलं.

“माझ्याकडं. थेट डोळ्यात बगतो.”

“शिंगं?”

“डावं सरळ. उजवं टोकाला जरा आत वळलेलं.”

हरभरेवाल्यांपैकी एका म्हाताऱ्यानं डोळे मिटून घेतले. बाजारात बैल पारखताना तो असाच डोळे मिटायचा. “हा म्या पाह्यलाय,” तो कुजबुजला.

“चूप,” शेठ म्हणाले. त्यांनी प्रभावतीकडे बघितलं, कूलरकडे बोट केलं, उठून काहीतरी सांगायला पाहिजे असा चेहरा केला आणि बसून राहिले.

“वशिंड जागच्या जागी,” कल्याणचा आवाज आता चढू लागला होता. “पाठीवर दोन भोवरे, एकामागं एक. सहादाती, ऐन उमेदीतला. कातडं असं की माशी घसरावी. नादर बैल, मॅडम! दिसायला लाखात एक!”

“दोन भोवरे,” म्हातारा बोटांवर मोजत म्हणाला. “उजवं शिंग आत... आरं, हा तर...”

त्यानं वाक्य पुरं केलं नाही. एकेक करून सगळ्यांच्या माना दाराकडे वळल्या. मुबारक आपल्या गुडघ्याकडे बघत होता.

आष्टीत तो बैल कुणाला ठाऊक नव्हता? पेरणीच्या आधी मुबारकनं तो कल्याणकडून घेतला आणि सात दिवसांत बैल भर शेतात बसला. ओरडून उठेना, मारून उठेना. मुबारकनं पुढं होऊन वेसण ओढली, तर बैलानं मान अशी फेकली की गुडघ्याची वाटीच सरकली. गाव म्हणालं, नजर लागली. मुबारकही तेच म्हणाला. “कल्याणभाऊनं दिलेला बैल खोडीचा असूच शकत न्हाई,” असं तो खाटेवर पडून येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचा.

“रवंथ करतो?” आत कनिकानं विचारलं.

“न्हाई.”

“सारखाच बसलेला असतो?”

“सकाळी न्हाई. सकाळी लई चांगला. दावं सोडलं की वाऱ्यावानी चालतो. उन्हं चढली की मंग...” आवाज एकदम खाली आला. “मंग बसतो.”

“बशा,” म्हातारा म्हणाला. भर कामात बसणाऱ्या बैलाला बशा म्हणतात आणि बैलात याहून वाईट खोड नाही. लाथाळ बैल निदान चालतो तरी.

प्रभावतीनं पदर तोंडाशी धरला. तिनं हिशेब केला असावा. उन्हं चढल्यावर बसतो हे ज्याला ठाऊक असेल, तो गिऱ्हाइकाला बैल सकाळी दाखवील. मुबारकनं बैल पारखला तेव्हा दिवस नुकता उगवला होता. तिनंच दोघांना चहा दिला होता.

“काका,” कनिका हळू बोलली, पण आता हळूही ऐकू येत होतं, “हा बैल कुणाचा आहे?”

कल्याण फरशीवरची धूळ बोटानं पुसत राहिला. आणि कनिकाला पहिल्यांदा शांतता ऐकू आली. तिनं कूलरकडे बघितलं. मग वर. पोत्यांच्या थप्पीवरून एक टोपी, दोन पागोटी आणि शेठचा चष्मा डोकावत होता.

ती उभी राहिली. “कल्याणकाका, थांबा. माझी चूक झाली. इथलं बोलणं बाहेर जाणार नाही असं मी तुम्हाला सांगितलं होतं. तुमचं बोलणं सगळ्यांनी ऐकलंय. आपण बंद करू या. मी दुसरी जागा बघते, आणि तुम्ही सगळे...”

“ऱ्हाऊ द्या,” कल्याण म्हणाला.

तो फरशीवरून उठला. आधी मागचं धूड, मग पुढचे गुडघे. पोत्यांना वळसा घालून दुकानात आला. सगळ्यांनी वाट दिली. मुबारकच्या स्टुलापुढं तो उभा राहिला, तोंड उघडलं, छाती दाबली गेली, तोंड मिटलं. दुसऱ्यांदा उघडलं. आणि मग बाहेर जे आलं, ते आष्टीनं चार महिन्यांत ऐकलं नव्हतं. वरच्या फळीवरचे पत्र्याचे डबे थरथरले, रस्त्यावर एक मोटारसायकलवाला पाय टेकून थांबला.

“ऐका हो! वानेरा देवणी! सहादाती, पाठीवर दोन भोवरे! बशा हाय हो, बशा! ऊन चढलं की बसतो! हेडी कल्याणला ठाऊक व्हतं! ठाऊक असून, न सांगता दिला हो, मुबारकला!”

आवाज बाजारपेठेत गेला आणि कुठंतरी विरला. कल्याण धापा टाकत होता, पण छाती भरून, भात्यासारख्या.

“मलाबी दुसऱ्या बाजारात सकाळीच दाखवला व्हता,” तो साध्या आवाजात म्हणाला. “दोन दिवसांनी कळलं. तीस साल बैल बगून राह्यलो, अन् माझी नजर चुकली, हे लिंबाखाली उभा राहून वरडायचं कसं? तुला दिला, कारण तू दुपारची पारख मागनार न्हाई, हे ठाऊक व्हतं. तुजा पाय माज्यामुळं गेला, मुबारक.”

मुबारकनं दोन्ही हातांनी गुडघा चोळला.

“मला समजलं व्हतं,” तो म्हणाला.

“कवा?”

“खाटेवर पडल्या पडल्या. दुसरं करायचं काय? इचार करून राह्यलो, की कल्याणभाऊनं दिवस उगवता उगवता का बोलावलं. बराबर समजलं.”

“मंग बोलला का न्हाईस? दर शुक्रवारी घरी येतोस, तब्येत इचारतोस, मोसंब्या आणतोस...”

“आल्तो बोलायलाच. पर तुमी त्या खाटेवर असे पडलेले. अन् माझं बी...” मुबारकनं शेठकडे बघितलं, म्हाताऱ्याकडे, मग कनिकाकडे. “मॅडम, यांचं झालं आसंल तर माझा नंबर लावता का?”

“तुमचा?” कनिका म्हणाली.

“तो बैल माझ्या बी छातीवर हाय. म्या विकला ना तो. जालन्याच्या बाजारात. आता, बशा हाय म्हनलं आसतं, तर लोक इचारणार, कुणाकडून घेतला? कल्याणभाऊचं नाव जाणार. म्हनून न्हाई सांगितलं.”

कल्याणनं डोळे बारीक केले. “कवा दाखवला?”

“सकाळी. साडेसहाला.”

“बराबर,” कल्याण म्हणाला. तीस वर्षांची सवय, तोंडातून निघून गेलं. कुणीतरी फिसकन हसलं, आणि मग अख्खं दुकान हसलं. शेठ चष्मा काढून डोळे पुसू लागले. कल्याणही हसला. पोट हलेपर्यंत हसला.

कनिका पोत्यांना टेकून उभी होती. “काका,” तिनं विचारलं, “आता?”

त्यानं मान तिरकी करून अंदाज घेतला. “उठलाय,” तो म्हणाला. “पर जागा गरम हाय अजून.”

“कुणाला विकला?” हा आवाज प्रभावतीचा. ती हसली नव्हती. “मुबारकभाई, तुमी दोघं मोकळे झालात. ज्यानं घेतला, त्याचा पाय कसा हाय?”

हसू जागच्या जागी थांबलं. मुबारकनं खिशातून बाजार समितीची पावती काढली. घड्यांवर ती फाटायला आली होती. “बदनापूरकडच्या एका वाडीवरची बाई हाय, भाभी. सत्यशीला नाव. शेतावर एकटीच असती. सोताच औत हाकती. नंबर बी हाय हितं. चार-पाच बार लावला. वाजायच्या आत कट केला.”

“लाव,” कल्याण म्हणाला. “म्या बोलतो.”

मुबारकच्या फोनचा कानाशी लावायचा भोंगा बिघडलेला होता, त्यामुळे जे काही व्हायचं ते मोठ्यानंच. फोन गल्ल्यावर ठेवला. सगळे पुढं सरकले. मोटारसायकलवालाही आत आला. घंटी वाजत राहिली.

“हॅलो? कोन?”

“बाई, म्या कल्याण बोलून राह्यलो. आष्टीचा, बैलांचा हेडी. तुमच्याकडं वानेरा हाय ना?”

“हाय की. हितंच हाय.”

“कसा हाय?”

“बसलाय.”

म्हाताऱ्यानं कपाळाला हात लावला. कल्याणनं गल्ल्याची कड घट्ट धरली.

“बाई, ती खोड हाय त्याची. जुनी. आमाला ठाऊक व्हती. न सांगता तुमच्या गळ्यात घातला. तुमाला काय इजा...?”

“मला? न्हाई बा.”

“आमी आत्ता निघून राह्यलो. बैल घिऊन जातो, दुसरा देतो. दिवसभर चालनारा. दुपारी पारखून घ्या.”

पलीकडे घुंगरू एकदा वाजलं. माशी उडवायला बैलानं मान हलवली असावी.

“नेता? अन् कशापायी?”

“बसतो ना तो, बाई!”

“बसतो तर बसू द्या की. पयल्या दिशी म्याबी लई मारला. शेपूट पिरगाळली. मंग माझीच शक्ती सरली, अन् बसले त्याच्याच सावलीला. उन्हं कलली तसा आपल्या आपण उठला, अन् दिवस बुडस्तोवर चालला. तवापसून रोज बसतो आमी. भाकर खाते, जरा पाठ टेकते.” ती थांबली. पुन्हा बोलली तेव्हा आवाजात हसू होतं. “लगीन होऊन बावीस वर्सं झाली, दादा. दुपारी बसलेलं कुणी खपवून घेतलं न्हाई मला. आता कुणी इचारलं, की सांगते, बैल बसलाय, म्या काय करू? तुमी नगा येऊ. अन् खोडबीड म्हनू नगा त्याला. ठेवते मी. डोळा लागत व्हता जरा.”

फोन बंद झाला. त्याच्या काचेवरचा उजेड थोडा वेळ राहिला, मग तोही गेला. रस्त्यावर उन्हात एक रिकामी ॲपेरिक्षा गेली. हरभऱ्याचं बियाणं कुणी मागितलं नाही आणि शेठनंही विचारलं नाही. कनिकानं वही उघडली, वाचलं, आणि काही न लिहिता मिटली.

बदनापूरला निघायचं म्हणून प्रभावती दारापर्यंत गेली होती. ती तिथंच उभी होती. तिनं खांद्यावरची पिशवी काढली, खाली ठेवली. एक पोतं हातानं झटकलं आणि त्यावर बसली. दोन्ही पाय समोर लांब केले. डोकं मागच्या थप्पीला टेकवून डोळे मिटले.

सव्वाबारा वाजले होते. इतक्या वर्षांत या वेळेला ती कशी दिसते, ते कल्याणला आठवत नव्हतं. तो तिच्याकडे बराच वेळ बघत राहिला. मग कोपऱ्यातल्या माठाकडे गेला, पेला विसळला, भरला. तिच्या शेजारी फरशीवर आवाज न करता ठेवला आणि ती उठेल तेव्हा उठेल, अशा बेतानं खाली बसला.